तुकोजीरावांची पहिली प्रेमकथा

साळिग्रामम, चेन्नई
८ जानेवारी २०२४

आदरणीय राव सर,

सगळं ज्या क्षणी बदललं तो क्षण आधी लिही, असं तुम्ही म्हणालात. लिहितो. तांबरमच्या कॉलेजची मेस, पहिलं वर्ष, दुपार. रोजच्या सांबारभाताने माझं डोकं फिरलं होतं. मी ताट ढकललं आणि मराठीत एक सणसणीत शिवी दिली. समोरच्या टेबलावरची मुलगी उठली, तिने स्वतःच्या डबीतला ठेचा चमच्याने माझ्या भातावर वाढला आणि म्हणाली, "ही शिवी नागपूरची नाही. कुठली रे?" मी म्हटलं, "इथल्याच, ओरगडमची." ती इतकी हसली की तिला ठसका लागला. तिचं नाव रेवा. त्या ठसक्यानंतर मी पास झालो काय नि नापास झालो काय, मला काही फरक पडला नाही.

तुमच्या ऑफिसातल्या जननीअक्कांनी मला, म्हणजे त्यांच्या धाकट्या भावाला, तंबीला, तुमच्याकडची पद्धत समजावली. नव्या असिस्टंटने सीन लिहायचा नाही. आपलं खरं घडलेलं आपल्या आईच्या भाषेत, हाताने, पत्रात लिहायचं आणि पोस्टात टाकायचं. तुम्ही पत्रानेच उत्तर देणार, आणि सिनेमा त्यातून निघणार. आधी मला हसू आलं. तुमचं मैलापूर इथून बसने तासाभरावर, आणि मी पोस्टाची तिकिटं चिकटवतोय. पण बाकीचे असिस्टंट तमिळमध्ये लिहितात आणि तुमच्याशी मराठीत लिहिणारा मी एकटाच, याचा मला माज आहे हे कबूल करतो.

सर, तुम्ही देवीचा सिनेमा केलात, भुताचा केलात, पोलिसांचा, कोर्टाचा, लहान मुलांचा केलात. लोक खुर्चीतून खाली पडून हसले तोही केलात. प्रेमकथा एकही नाही. ऑफिसात सगळे म्हणतायत, या वेळी तीच. मग माझी घ्या.

रेवा आता शोळिंगनल्लूरला सॉफ्टवेअर कंपनीत आहे. सध्या बोलत नाही. रागावलीय. मी तिसऱ्या वर्षाला कॉलेज सोडलं त्याचा राग असणार. बाबांनाही आहे, ते ट्रकच्या कारखान्यात लाइन सुपरवायझर, म्हणाले, अर्धवट जोडलेली गाडी आम्ही गेटबाहेर सोडत नाही, तू मात्र सुटलास. मी रोज संध्याकाळी रेवाच्या ऑफिससमोरच्या चहाच्या दुकानात उभा राहतो, ती बसमध्ये चढेपर्यंत. तिच्या लक्षात येतं, पण ती वळून बघत नाही. मानी आहे.

ती आमची गोष्ट पडद्यावर पाहील आणि परत येईल. मला पाट्यांमध्ये नाव नको, पगार वाढवू नका. एवढंच द्या.

तुमचा,
सिद्धार्थ

*

मैलापूर
१९ जानेवारी २०२४

चिरंजीव सिद्धार्थ तंबीस तुकोजीचे आशीर्वाद.

पत्र पावले. पोंगलची सुटी म्हणून उत्तरास उशीर जाहला. सईबाईने, आमच्या कुटुंबाने, तुझे पत्र माझ्याआधी वाचले. पन्नास वर्षे अस्के कागद (तुम्ही 'सगळे' म्हणाल) आधी तीच वाचते, प्रोड्यूसरचेही. ठेच्यापाशी ती हसली आणि म्हणाली, पोरगी चांगली आहे. तुजविषयी काही बोलली नाही, तर फुगू नको.

आमचे तंजावरचे मराठी म्हणजे जुन्या बरणीतले लोणचे, असे तू ऑफिसात म्हणालास म्हणून जननीने सांगितले. बरे आहे. लोणचे टिकते.

प्रेमकथा का केली नाही म्हणून मज पुष्कळांनी विचारले. पेपरवाले लिहितात, रावला स्वतःचे घर नाही, दर सिनेमास नव्या घरी भाड्याने राहतो, म्हणजे प्रकार बदलतो. तसे नाही. माझी गोष्ट एकच असते. तू जो हसण्याचा सिनेमा म्हणतोस तो माझ्या आजोबांच्या मरणाचा आहे. त्या दिवशी चुलते मराठीत भांडत होते, भटजी तमिळमध्ये ओरडत होता, आणि प्रेत मध्ये शांत पडले होते. कॅमेरा आजीच्या मागे ठेव, लोक रडतील. शेजारच्या घरात त्या दिवशी पाहुणा आलेला परका माणूस होता, त्याच्या मागे ठेव, पोट धरतील. प्रेत तेच, भटजी तोच. आमच्या धंद्यात सिनेमाचा प्रकार म्हणजे एवढेच: आज कुणाच्या मागे उभे राहायचे.

प्रेमकथेत दोन माणसे. दोघांच्याही मागे उभे राहता येईल अशी गोष्ट अजून मज मिळाली नाही. तुझी असेल तर आनंदच.

आता काम. तुझ्या पत्रात तू पुष्कळ आहेस. ती ठेचा वाढते आणि मग गप्पच होते. तिची वाक्ये लिही. तुमचे भांडण जाहले असेल ते लिही. ती काय बोलली, जशीच्या तशी. सजवू नको.

तुकोजी

*

साळिग्रामम
२८ जानेवारी २०२४

आदरणीय सर,

सजवत नाही. भांडण म्हणाल तर एकच, आणि तेही माझ्या बाजूने. तुमच्या सिनेमाला हा सीन सोन्यासारखा आहे.

बेसंटनगरचा समुद्रकिनारा, रविवार. आम्ही वाळूत बसून सुंडलचे चणे खात होतो. तिला फोन आला. ऑफिसातला कोणी वेंकट. पाच मिनिटं झाली, दहा झाली, ती तमिळमध्ये हसतेय, आणि मी हातात सुंडलचा कागदी कोन धरून बसलोय. मी तिच्या हातातून फोन घेतला आणि समुद्रात फेकला.

दुसरी कुठलीही मुलगी असती तर तिने तमाशा केला असता. रेवाने काय केलं? ती थोडा वेळ पाण्याकडे बघत राहिली. मग माझ्याकडे वळली, हसली, आणि म्हणाली, "काही हरकत नाही. जुनाच होता. तू शांत हो. पाणी पितोस का?" सर, पाणी पितोस का! मी तिचा फोन बुडवला आणि ती मला पाणी विचारते. याला प्रेम नाही म्हणायचं तर कशाला म्हणायचं? मी तिथेच रडलो. तिने मला रिक्षात बसवलं. रिक्षावाल्याला पैसेही तिनेच दिले.

तिची आणखी वाक्यं: "उशीर झालाय, तू घरी जा, बाबा वाट बघत असतील." "नाही रे, तुझ्यावर कशी रागवेन?" "उद्या बोलू ना, नक्की." एकदाही आवाज चढवला नाही. असा मऊ आवाज मी दुसऱ्या कुणाचा ऐकलेला नाही.

त्यानंतर तिने नंबर बदलला. राहायची जागा पण बदलली. आधी वेळच्चेरी, मग पेरुंगुडी, मग शोळिंगनल्लूर. दर वेळी मला न सांगता. आणि दर वेळी मी शोधून काढली. वेळच्चेरीत तर फक्त तिच्या स्कूटीच्या मागच्या स्टिकरवरून, गल्ल्या पालथ्या घालून. हे दाखवा सर, नायक शहरभर हिंडतोय, पार्श्वसंगीत, आणि शेवटी ती स्कूटी. थिएटरात शिट्ट्या पडतील.

एकच खलनायिका आहे, तिच्यासोबत राहणारी मैत्रीण विद्यालक्ष्मी. ती मला खाली रस्त्यात भेटून म्हणाली, "प्लीज, यापुढे येऊ नकोस." जळते आमच्यावर.

तुम्ही कोणाला घेताय माझ्या भूमिकेत?

सिद्धार्थ

*

मैलापूर
१ फेब्रुवारी २०२४

चिरंजीव सिद्धार्थ तंबीस आशीर्वाद.

पत्र पावले. सईबाईने दोनदा वाचले. मीही.

भूमिकेचे मागाहून पाहू. तुज एक काम सांगतो. समुद्रकाठची तीच संध्याकाळ रेवाच्या मागे उभे राहून लिही. 'मी' म्हणजे ती. तुझे नाव घेऊ नको, 'तो' म्हण. फोन पाण्यात पडल्यापासून रिक्षा निघेपर्यंत.

ते होईतो शोळिंगनल्लूरला जाऊ नको. हे विनंती म्हणून नव्हे, तुझा डायरेक्टर म्हणून सांगतो. जननी लोकेशन पाहण्यास निघते आहे, तिजसवे जा.

तुकोजी

*

साळिग्रामम
१४ फेब्रुवारी २०२४

राव सर,

तुम्ही सांगितलेलं लिहिलं. हे घ्या: "तो माझा फोन फेकतो. मी पाण्याकडे बघते. मला वाटतं, याचं माझ्यावर किती प्रेम आहे. तो रडतो. मला त्याचं वाईट वाटतं." एवढंच होतंय. चार वेळा फाडलं. तिच्या मनातलं मला कसं माहीत असणार? पण आता ते राहू द्या, कारण तुम्हाला ते हवंच नव्हतं.

काल जननीअक्कांबरोबर पेरुंगुडीत लोकेशन बघत होतो. एक गल्ली, समोर तिसऱ्या मजल्यावर खिडकी, खाली इस्त्रीवाल्याची बंद गाडी. कॅमेरामन म्हणाला, "तो इथे उभा. चेहरा दाखवायचा नाही, नुसती सिगरेट. ती पडदा सरकवते, आणि प्रेक्षकाचा श्वास अडकला पाहिजे." मी विचारलं, श्वास का अडकेल? नायक आहे तो. सगळे माझ्याकडे बघायला लागले. अक्का म्हणाल्या, "तंबी, तुला सरांनी सांगितलं नाही? लव्ह सब्जेक्ट नाही हा. थ्रिलर आहे. एक मुलगी घरं बदलत राहते आणि एक माणूस तिला शोधत राहतो."

मी कॅमेरामनची कॉलर धरली. अक्कांनी सोडवलं. तुम्हाला कळलंच असेल.

तुम्ही माझी पत्रं घेतलीत आणि मला राक्षस केलंत. मी पेरुंगुडीच्या त्या गल्लीत खरंच उभा राहायचो सर, ताप असताना उभा राहायचो. तिची खिडकी बंद झाली की मला वाटायचं, चला, झोपली, आजचा दिवस नीट गेला. आणि तुम्हाला त्यातून लोकांना घाबरवायचंय? ज्याला आयुष्यात कुणावर जीव टाकता आला नाही तोच माणूस असे सतरा प्रकारचे सिनेमे करू शकतो. म्हणून तुम्हाला प्रेमकथा जमली नाही. आज समजलं.

मी आज रेवाकडे जातोय. व्हॅलेंटाइन डे आहे म्हणून नाही. तिला घेऊन सरळ मैलापूरला येईन. ती तुमच्या आणि आजींच्या समोर स्वतःच्या तोंडाने सांगेल ते काय होतं. मग तुमचा थ्रिलर तुमच्याजवळ ठेवा.

हे पत्र पोस्टात टाकत नाही. तुमच्या फाटकातून आत सरकवून दुपारपर्यंत खोलीवर परततोय, मग तिकडे.

सिद्धार्थ

*

मैलापूर
१४ फेब्रुवारी, दुपार

सिद्धार्थ,

जननीच्या हाती देतो. स्कूटर तिची वेगात असते, तू भेटशील अशी आशा.

तू लिहिलेस ते मज लागले नाही असे नव्हे. असो.

तुज आधी सांगावयास हवे होते. तू स्वतः लिहिता लिहिता पाहशील म्हणून थांबलो. तू मात्र तिच्या मागे उभा राहिलास आणि तिथूनही स्वतःलाच पाहिलेस.

सईबाई काय म्हणाली ते सांगतो. तुझे दुसरे पत्र वाचून तिने चष्मा काढला आणि म्हणाली, "या पोरीच्या पायास चाके का लागली, हे यास कळत नाही काय? जिचा फोन बुडतो ती ओरडते. मी ओरडले असते. जी हसते, ती घरी पोचेपर्यंतचा रस्ता मोजत असते." मी म्हटले, पोरगा दुष्ट नाही. ती म्हणाली, "नाही. तेच कठीण. दुष्टास निदान ठाऊक असते."

तंबी, तुझ्या पत्रात मी प्रेमकथा शोधली. खरोखर शोधली. मज सत्त्याहत्तर वर्षे जाहली, एक तरी करून जावी म्हणून हाव होती. तुझ्या मागे उभा राहिलो की गोष्ट गोड होती. तिच्या मागे एक पाऊल सरकलो आणि भयाची जाहली. वाक्य एकही बदलले नाही. 'पाणी पितोस का' हेच वाक्य. आता मी कुठे उभा राहू, सांग? तुजला आवडेल म्हणून तिथे उभा राहिलो तर त्या पोरीस मीही रस्त्यात गाठले असे होईल.

सिनेमातला माणूस तू नव्हेस. त्याचे नाव, गाव, धंदा अस्के निराळे केले आहे. तिचेही. तू नको म्हणशील तर सिनेमा थांबवतो. हे माझे वचन.

आज जाऊ नको. ऊन आहे, इथे ये. सईबाईने जेवण ठेवले आहे. मज चार शिव्या समोर दे.

तुकोजी

*

तांबरम
२ मार्च २०२४

आदरणीय सर,

तुमचं पत्र मला मिळालं होतं. जननीअक्कांनी मला खोलीच्या जिन्यातच गाठलं. मी तिथेच बसून वाचलं, घडी करून खिशात घातलं, आणि तरी गेलो. अक्का मागून हाका मारत होत्या. मला वाटत होतं, रेवाचं एक वाक्य आणि तुम्ही दोघं खोटे पडाल.

मधले दिवस मी ओरगडमला घरी होतो. बाबांनी काही विचारलं नाही. आई रोज विचारायची, मी रोज टाळायचो. आता तांबरमला मित्राच्या खोलीवर आहे. कॉलेजात पुन्हा घेतात का विचारायला आलो होतो; घेतील असं दिसतंय, खात्री नाही. इथे पोचल्यावर पहिल्यांदा लिहावंसं वाटलं. तुम्ही सजवू नको म्हणाला होतात.

सिनेमा थांबवू नका. नायिका त्या माणसासमोर सगळं शिस्तीत, हसून का बोलते, हे प्रेक्षकाला कळेल की नाही याची अक्कांना शंका होती. मी आता सांगू शकतो.

शोळिंगनल्लूरला तिच्या इमारतीत मी पाण्याचे कॅन पोचवणाऱ्या माणसामागून वर गेलो. खांद्यावर कॅन घेऊन तो तिसऱ्या मजल्यावर थांबला, त्याने बेल वाजवली, आतून तिचा आवाज आला, "अण्णा, उघडंच आहे, किचनमध्ये ठेवा." तो आत गेला, मी आत गेलो. तो कॅन ठेवून निघून गेला. त्याला वाटलं असेल, मी घरचाच.

हॉलमध्ये टेबलावर चादर अंथरून ती कुर्त्याला इस्त्री करत होती. पिवळा कुर्ता. तिने वर पाहिलं. मग हसली. तेच, मला पाठ असलेलं हसू.

"अरे, सिद्धार्थ. ये ना. बैस."

मी म्हटलं, "विद्या कुठेय?"

"येईलच इतक्यात. खाली गेलीय. जेवलास का?"

मी उभाच राहिलो. म्हटलं, "राव सर आपल्यावर सिनेमा करतायत."

"हो? छानच."

"ते म्हणतात, ती प्रेमकथा नव्हती."

"त्यांना काय माहीत."

"तू येशील त्यांना सांगायला? आत्ता?"

"येईन ना. कपडे बदलते आणि येते. तू बैस तोवर. पाणी देऊ?"

सर, मला हवं ते प्रत्येक वाक्य ती देत होती. मी जिंकत होतो. आणि मला वास आला. जळका.

मी खाली बघितलं. इस्त्री तिच्या हाताखाली कुर्त्यावर तशीच टेकलेली. इस्त्रीच्या भोवतीने धूर येत होता, कापड तपकिरी होत कडेला काळं पडत चाललं होतं. धूर तिच्या तोंडासमोरून वर जात होता. तिला दिसत नव्हता. ती माझ्याकडे बघत होती. तिने डोळे माझ्यावरून एवढासुद्धा वेळ काढले नाहीत, की आपल्या हाताखाली काय जळतंय ते बघावं. आणि हसत होती.

मी म्हटलं, "रेवा, जळतंय," आणि इस्त्री उचलायला हात पुढे केला.

तिने दोन्ही हात तोंडासमोर घेतले.

मी तिला कधी मारलेलं नाही. हे वाक्य माझ्या ओठांवर आलं होतं. ते बोलून दाखवण्यासारखं काहीतरी मोठं आहे, असं मला त्या क्षणापर्यंत वाटत होतं. मी ते बोललो नाही. हळू हळू हात मागे घेतला, भिंतीच्या कडेने गेलो, बटण बंद केलं आणि पिन काढली. इस्त्रीला हात लावला नाही. ती तिने स्वतःच उभी केली, माझ्याकडे बघत बघत. कुर्त्याला हाताएवढं भोक पडलं होतं.

मला तिला खूप सांगायचं होतं. तीन वर्षं मी रोज मनात बोलत आलो होतो, त्यातलं एकही वाक्य तिच्यासमोर ठेवण्यासारखं राहिलं नव्हतं. माझा जीव होता तिच्यावर, सर. आहे. ते खोटं नव्हतं हे तुम्हाला तरी लिहू द्या. पण त्या खोलीत ते ठेवायला जागा कुठेच नव्हती.

मी म्हटलं, "मी जातो. तुला कुठे यायचं नाहीये. मी परत येणार नाही, इथे नाही, ऑफिसपाशी नाही."

ती म्हणाली, "असं काय रे, बैस की." अजून त्याच मऊ आवाजात. तिचा विश्वास बसला नव्हता. का बसावा? मी असं आधीही म्हटलेलं असणार, आणि दुसऱ्या दिवशी चहाच्या दुकानात उभा राहिलो असणार.

एकदा वाटलं, मागे वळून तिचा खरा चेहरा बघावा, हसू उतरल्यावरचा. तो मी कधी पाहिलेलाच नाही. पण मी वळलो असतो तर ती पुन्हा हसली असती.

तेव्हा मी न वळता बाहेर आलो आणि माझ्यामागे दार लावून घेतलं.

सिद्धार्थ